पाणी लागलं म्हणजे माहीत होतं का?

आधी पत्र थोडक्यात सांगते. अंबड तालुक्यातल्या एका पोरानं लिहिलंय, नाव टाकू नका म्हणलाय म्हणून आपण त्याला मोसंबीवाला म्हणू. घरी पाच एकर, त्यातली दोन एकर मोसंबी. डिसेंबर २०२१ ला पाणाड्यानं तळहातावर नारळ ठेवून शेतात चक्कर मारली, एका जागी नारळ उभा राहिला, तिथं बोअर मारला तर १९० फुटाला दोन इंच पाणी. २०२३ ला पावसानं दगा दिला, बोअर आधी फुसफुसायला लागला आणि मग बंदच पडला. आता तोच पाणाड्या परत येऊन बांधाच्या खालच्या अंगाला चुन्याची फुली मारून गेलाय आणि अण्णा दीड लाख मोडायला तयार आहेत. पोरगा संभाजीनगरला स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करायलाय, तो सुट्टीत घरी आला आणि ताटावर बसून म्हणला की अण्णा, तिथं पाणी आहे हे तुम्हाला माहीत नाही, तुमचा नुसता विश्वास आहे. अण्णा म्हणले, "मागल्या टायमाला लागलं का नाही? आन् तुला तरी पृथ्वी सूर्याभवती फिरती हे कसं माहीत, तू बघून आलास का?" पोरगं ताटावरून उठलं. आता मला विचारतोय, "बाई, माहीत असणं म्हणजे नेमकं काय असतं? आणि अण्णांना थांबवू का?"

लेकरा, आधी तर ताटावरून उठत जाऊ नको, भाकरीनं काय घोडं मारलंय.

आता अण्णांचा दुसरा प्रश्न आधी घेते, कारण तो तुला जास्त लागलाय, आणि खरं सांगू का, तो प्रश्न एकदम बरोबर आहे. तू नाही बघितलेलं. मीपण नाही, आणि मी तर तीस वर्षं जिल्हा परिषदेच्या शाळेत हेच शिकवलं, हातात मोसंबी आणि टॉर्च घेऊन. पृथ्वी सूर्याभोवती फिरते असं सांगणारं कोपर्निकसचं पुस्तक आलं १५४३ ला, आणि पृथ्वी फिरते म्हणून जवळचा तारा वर्षभरात जागेवरून किंचित हललेला दिसायला पाहिजे, ते हलणं बेसेल नावाच्या जर्मन खगोलशास्त्रज्ञानं मोजलं १८३८ ला. म्हणजे जवळपास तीनशे वर्षं मोठमोठ्या डोकेबाज लोकांनासुद्धा ते हलणं दाखवता आलं नव्हतं, तर तू आणि मी कुठल्या झाडाचा पाला. आपल्याला जे जे माहीत आहे त्यातलं बरंचसं असंच कुणाच्या तरी शब्दावर घेतलेलं आहे. तुझा वाढदिवससुद्धा. तू हजर होतास, पण तुला काही आठवत नाही ना.

वाढदिवसावरून आठवलं, अण्णांची जन्मतारीख काय आहे रे आधार कार्डावर? मी पैज लावते, १ जून. आमच्या नानांची पण १ जून, चुलत्यांची १ जून, गावातल्या अर्ध्या म्हाताऱ्यांची १ जून. पोरगं शाळेत आणून उभं केलं की मास्तर उंची बघायचे, दात बघायचे, आणि शाळा सुरू व्हायच्या हिशोबानं १ जून टाकून द्यायचे. मग तीच तारीख टीसीवर, टीसीवरून नोकरीच्या सर्व्हिस बुकात, तिथून पॅन कार्डावर, आधारवर. आज नानांच्या पेटीत पाच सरकारी कागद आहेत, पाचही शिक्क्याचे, पाचही एकच तारीख सांगतात. आणि पाचही चूक आहेत, कारण आजी सांगायची की नाना पोळ्याच्या आदल्या रात्री झाले. कागद पाच, साक्षीदार एक, आणि त्यानंही अंदाजच टाकलेला. हे डोक्यात ठेव, पाणाड्याकडं येताना लागणारे.

तर मग शब्दावर घेतलेलं ते माहीत असणं म्हणायचं का नाही? आपल्याकडच्या न्यायशास्त्रवाल्यांनी, कोर्टातल्या नव्हे, जुन्या तर्कशास्त्रातल्या, यावर पार जुन्या काळीच डोकं लावलंय. ते ज्ञानाची चार साधनं मानतात, प्रत्यक्ष म्हणजे स्वतः बघितलेलं, अनुमान म्हणजे खुणेवरून ताडलेलं, उपमान म्हणजे सारखेपणावरून ओळखलेलं, आणि शब्द. शब्द म्हणजे आप्ताचं सांगणं. आता आपण आप्त म्हणजे नातेवाईक समजतो, आप्तेष्टांसह अगत्य येण्याचे करावे वगैरे. पण त्यांच्या लेखी आप्त म्हणजे ज्यानं ती गोष्ट स्वतः नीट पारखलेली आहे आणि जशी आहे तशी सांगायची ज्याची इच्छा आहे असा माणूस. न्यायसूत्रांवर भाष्य लिहिणाऱ्या वात्स्यायनानं तर असंही लिहून ठेवलंय की हे लक्षण ऋषी, आर्य आणि म्लेच्छ तिघांनाही सारखंच लागू. म्हणजे माणूस कोण आहे ते बघू नको, त्याला ते कसं कळलं ते बघ. मराठीत नेमकं उलटं झालं, आपला माणूस सांगतोय म्हणजे खरंच असणार, आणि फॅमिली ग्रुपवर त्याचं काय होतं ते मी सांगायला नको.

म्हणून अण्णांना तू असं सांगू शकतोस की हो, मी पृथ्वी फिरताना बघितली नाही, पण ज्यांनी मोजलं त्यांनी कसं मोजलं ते उघड लिहून ठेवलंय, दुसरा कुणीही दुर्बीण घेऊन बसला तर त्यांना खोटं पाडू शकतो, आणि खोटं पाडणाऱ्याचं नाव होतं. पाणाड्याला कोण खोटं पाडणार? बोअर कोरडा गेला की तो म्हणतो मशीनवाल्यानं फूटभर सरकून मारला, नाहीतर घरात कुणी सुतकात होतं, नाहीतर अजून पन्नास फूट जायला पाहिजे होतं. चुकला तरी तो चुकलेला सापडतच नाही. माझ्या मते तुमच्या दोघांच्या उसन्या विश्वासात खरा फरक एवढाच आहे, बघितलं-नाही-बघितलं हा नाहीच.

आता अण्णांचा पहिला मुद्दा, मागल्या वेळी लागलं का नाही.

लागलं. नाकारायचं नाही. पण नुसतं खरं निघालं म्हणून ते माहीत होतं असं होत नाही, नाहीतर मटका लागलेला प्रत्येक माणूस ज्ञानी म्हणावा लागंल. माहीत असणं ही तीन दगडांची चूल आहे असं पूर्वीपासून धरून चाललेत लोक. एक दगड, तू ते मानतोस. दुसरा, ते खरं आहे. तिसरा, मानायला तुझ्याकडं धड कारण आहे. तिन्ही असले की चूल मांडली. मग १९६३ ला एडमंड गेटियर नावाच्या अमेरिकन मास्तरनं उणापुरा तीन पानांचा लेख लिहिला आणि दाखवलं की तिन्ही दगड जागेवर असूनही भाकरी कच्ची राहू शकते. जगभर खळबळ, अजून मिटलेली नाही. पण मला जास्त आवडतो तो आठव्या शतकातला धर्मोत्तर, काश्मीरमध्ये होऊन गेलेला बौद्ध पंडित, कारण त्याचं उदाहरण ऐकलं तर वाटतं हा माणूस मे महिन्यात जालना-अंबड रोडनं गेलेला असणार. वाटसरू तहानलेला आहे. लांब त्याला पाणी चमकताना दिसतं. तो तिकडं चालत जातो. असतं ते मृगजळ. पण योगायोग असा की नेमकं त्याच जागी, दगडाखाली, खरंच पाणी असतं. सापडतं, पितो, तहान भागते. आता सांग, लांबून बघताना त्याला तिथं पाणी आहे हे माहीत होतं का?

पाणी होतं. त्याला वाटत होतं. डोळ्यांनी दिसत होतं, म्हणजे कारणही होतं. तरी आपलं मन म्हणतं की नाही गड्या, हे माहीत असणं नव्हे, हे लागून गेलं. कारण जे दिसलं त्याचा आणि जे सापडलं त्याचा एकमेकाशी संबंधच नव्हता. दगडाखाली ठणठणाट असता तरी मृगजळ तसंच चमकलं असतं. आपल्या आज्यांनी हेच एका ओळीत सांगितलेलं, कावळा बसायला आणि फांदी तुटायला.

हाच प्रश्न नारळाला विचार. त्या जागी खाली पाणी नसतं तर नारळ आडवाच राहिला असता का? जर्मनीत म्युनिकजवळ १९८७-८८ ला नेमकं हेच करून बघितलं. कोठारात खाली पाण्याचा पाइप, तो दरवेळी वेगळ्या जागी सरकवायचा, आणि वरच्या मजल्यावरून पाणाड्यांनी जागा सांगायची. निवडून काढलेले ४३ जण, ८४३ चाचण्या. ज्यांनी प्रयोग केला त्यांना वाटलं त्यातल्या काही मोजक्या लोकांना जमतंय, पण नंतर तेच आकडे दुसऱ्यानं तपासले तर नशिबानं जेवढं बरोबर यायला पाहिजे त्याहून काही वेगळं नव्हतं. नारळ उभा मात्र खरंच राहतो हं, मी जवळून बघितलंय, आणि बहुतेक पाणाडे लबाडी करत नाहीत. हाताचे स्नायू आपल्या नकळत हलतात, विल्यम कार्पेंटर नावाच्या इंग्रज डॉक्टरनं १८५२ लाच हे मांडलंय. मनात आलं की इथं असंल, की हात हलतो, आणि माणसाला वाटतं नारळानं सांगितलं.

आणि आणखी एक, जे तुझ्या पत्रातच आहे पण तुझ्या लक्षात आलेलं दिसत नाही. बोअर कधी मारला, डिसेंबर २०२१. त्या सालचा सप्टेंबर आठव. गुलाब चक्रीवादळाचा पाऊस, नद्या पात्र सोडून वावरात, मांजरा धरणाचे दरवाजे उघडावे लागले, सोयाबीन पाण्यात. त्या हिवाळ्यात आपल्याकडच्या विहिरी वरून वाकून तांब्यानं पाणी घेता येईल अशा भरलेल्या होत्या. आपला दगड काळा, बेसॉल्ट, घट्ट असतो तिथं त्यात पाणी मावत नाही, वरच्या मुरमात आणि खाली दगडाच्या भेगांमध्ये, दोन थरांच्या सांध्यात जेवढं साठंल तेवढंच. भरपूर पावसाच्या सालात त्या भेगा भरलेल्या असतात, मग तू डोळे झाकून दहा ठिकाणी बोट ठेवलं असतंस तरी बऱ्याच ठिकाणी काहीतरी लागलंच असतं. आणि पाऊस नाही पडला तर त्याच भेगा रिकाम्या, २०२३ ला तुमचा बोअर आटला तो त्यामुळंच. पाणाड्याचं श्रेय आणि चक्रीवादळाचं श्रेय एकत्र कालवलं गेलंय त्या १९० फुटांत.

गावात म्हणत असतील ना, त्याचं शंभरात नव्वद लागतं. कुणी मोजलं? बहुतेक त्यानंच सांगितलेलं पाच तोंडांतून फिरून आलंय, नानांच्या तारखेसारखं. लागलेला बोअर माणूस पाव्हण्याला नेऊन दाखवतो, मोटर चालू करून. कोरड्या बोअरवर दगड ठेवतो आणि विषय काढत नाही, कारण त्यात कर्ज पण असतं आणि लाज पण. तू एक दिवस नुसता शिवारात फिर आणि दगड मोज.

प्लेटो नावाच्या जुन्या ग्रीक तत्त्वज्ञानं एका ठिकाणी विचारलंय की एखाद्यानं लारिसा गावाचा रस्ता नुसत्या अंदाजानं बरोबर सांगितला आणि दुसऱ्यानं माहीत असून सांगितला, दोघं पोचतातच, मग फरक काय? त्याचं उत्तर असं की नुसतं बरोबर मत पळून जातं, त्याला कारणानं बांधावं लागतं. त्यानं पुतळ्यांची उपमा दिलीय, रात्रीत पळून जाणारे पुतळे. आपण बैल म्हणू. दोन बैल गोठ्यात उभे आहेत, एक दावणीला बांधलेला आणि एक मोकळा. रात्री बघितलं तर दोघंही गोठ्यातच. फरक सकाळी कळतो.

एवढं सगळं पाणाड्यावर तोंडसुख घेतलं, पण आता माझं ऐक, म्हणजे तुला वाटायला नको की शिकलेल्यांचं सगळं दावणीला असतं.

१९९२ ला मी औसा तालुक्यात शाळेवर होते. दिवाळीच्या आगेमागे किल्लारीच्या बाजूला जमिनीतून आवाज यायला लागले, लहान हादरे बसायचे, मांडणीवरची भांडी वाजायची. चौथीतली एक पोरगी, तिचं आजोळ किल्लारीचं, तिनं वर्गात विचारलं, "बाई, भूकंप होणार का?" मी म्हणलं, नाही बाळा, आपलं दख्खनचं पठार फार जुनं आणि स्थिर आहे, भूकंप तिकडं हिमालयात. मी काही थाप नव्हते मारत. पुस्तकात तसंच होतं, भूकंपाच्या सरकारी नकाशातसुद्धा आपला भाग सगळ्यात कमी धोक्याच्या पट्ट्यात होता. माझ्याकडं कारण होतं, चांगलं कारण होतं. ३० सप्टेंबर १९९३, गणपती बोळवून लोक दमून झोपलेले, पहाटे चार वाजायला चार मिनिटं कमी. दगडमातीच्या जाड भिंती, वर माळवदाचं ओझं. हजारो माणसं गेली. त्या पोरीचं आजोळ गेलं.

नकाशा नंतर बदलला. मला पुढं कित्येक वर्षं भूगोलाचा तो धडा शिकवताना खडू धरवत नव्हता. मी कशात चुकले यावर खूप विचार केलाय. पुस्तकावर विश्वास ठेवला यात नाही, तो ठेवायलाच पाहिजे होता. चुकले ते यात की समोर एक लेकरू सांगत होतं की आमच्याकडं भांडी वाजायलीत, म्हणजे प्रत्यक्ष पुरावा चालत वर्गात आलेला, आणि मी तो पुस्तकाच्या वजनाखाली दाबला. तिला म्हणू शकले असते की पुस्तक असं म्हणतं, पण तू म्हणतीस ते त्यात बसत नाही, मला माहीत नाही. 'मला माहीत नाही' हे मास्तरणीच्या तोंडून निघायला फार जड जातं बघ.

म्हणून तू अण्णांशी बोलताना माझ्यासारखं करू नको. कारण अण्णांना काहीच माहीत नाही असं बिलकुल नाहीये. त्यांना विचार की खालच्या अंगालाच का. नारळ सोडून दे, तुमचं स्वतःचं मन काय म्हणतं ते सांगा म्हण. मला खात्री वाटते की ते सांगतील तिथं उन्हाळ्यात गवत उशिरा वाळतं, बांधावरचं उंबर कधी पिवळं पडलं नाही, शेजाऱ्याची विहीर त्याच रेषेत आहे, असलं काहीतरी. हे ज्ञान आहे लेकरा, चाळीस वर्षं ती जमीन तुडवून आलेलं. वराहमिहिरानं सहाव्या शतकात बृहत्संहितेत अख्खा अध्याय लिहिलाय, कुठलं झाड, जवळ वारूळ आहे का, त्यावरून खाली पाणी किती. त्यातलं सगळंच टिकंल असं नाही, पण रीत अनुमानाची आहे, धूर दिसला म्हणजे आग असंल तशी. पाणाडे पण वर्षानुवर्षं शिवारं फिरलेले असतात, त्यांचे डोळे हे सगळं टिपत असतात आणि श्रेय नारळाला जातं.

आमच्याच परभणीच्या शेतात तीन पाणाडे आले होते, तिघांच्या जागा तीन. सालगडी लांबून बघत होता, तो हळूच म्हणला, बाई, म्हैस उन्हाळ्यात रोज त्या लिंबाखाली सोडून ह्या कोपऱ्यात येऊन बसती, तिथं गारवा असणार. सगळे हसले. दुसऱ्या पाणाड्याच्या जागेवर बोअर मारला, तीनशे फुटापर्यंत नुसता फुफाटा उडाला, शेजारची पऱ्हाटी पांढरी झाली. आणि म्हशीच्या जागेवर मारायला मग पैसेच राहिले नाहीत, त्यामुळं सालगड्याचं बरोबर होतं का ते मला आजही माहीत नाही.

आता थांबवू का म्हणतोस. थांबवू नको, उशीर कर. मोसंबी जळायली आणि बाप डोळ्यादेखत बघायलाय, त्याला तू ज्ञान आणि विश्वासातला फरक सांगत बसलास तर तो ऐकणार नाही आणि मी त्याच्या जागी असते तर मीपण ऐकलं नसतं. भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणेचं ऑफिस जिल्ह्याला आहे, ही यंत्रणा १९७२ पासूनची, त्यांच्या निरीक्षण विहिरी असतात, पाणी किती खाली गेलंय त्याची नोंद असते. तिथं जाऊन भूवैज्ञानिकाला भेट, तुमच्या भागातल्या पातळीचं विचार, मशीननं तपासणी कशी करून घेता येते तेही विचार. त्यात जमिनीत खुंट्या ठोकून करंट सोडतात आणि दगड किती अडवतो ते बघतात, ओला झिजलेला दगड कमी अडवतो. चुकतं तेसुद्धा, अण्णांना आधीच सांगून ठेव, नाहीतर चुकल्यावर ते म्हणतील बघ तुझं सायन्स. शेजारच्या पाच-सात जणांना बोअर किती फूट, कुठल्या सालात, आता चालू का बंद, हे विचारून वहीत लिही, कोरडेसुद्धा. आणि जमलं तर चुन्याची फुली पुसून दुसऱ्या तालुक्यातला पाणाडी बोलाव, काही न सांगता. दोघांची खूण एकाच जागी आली तर मला कळव, मी माझे शब्द मागं घेईन.

तरीही अण्णा तिथंच मारायचं म्हणले तर त्यांच्यासोबत उभा राहा, पैसे त्यांचे, जमीन त्यांची. फक्त गाडी यायच्या आधी कॅलेंडरच्या मागं तिघांच्या सह्यांनी लिहून ठेवा, पाणाड्या किती फूट म्हणतोय, किती इंच म्हणतोय, अण्णांना काय वाटतं, तुला काय वाटतं. नंतर कुणी आठवणीत बदल करायचा नाही.

आणि तो जुना आटलेला बोअर, त्याच्या केसिंगवर नुसता दगड असंल तर या सुट्टीतच लोखंडी टोपण वेल्डिंग करून टाक, वावरात लेकरं खेळतात.